तारानयन : जहाज 'कुठे' आहे त्याआधी 'केव्हा' आहे?

(एपिसोडचं लिखित रूप. बोलताना आलेले 'म्हणजे', 'बघा' थोडे कमी केलेत, सगळे नाही.)

 

आजचा विषय आहे एक असं शास्त्र जे अस्तित्वातच नाही. म्हणजे कुठल्याही युनिव्हर्सिटीत त्याची डिग्री मिळत नाही. पण गेली ऐंशी-नव्वद वर्षं सायन्स फिक्शन लिहिणाऱ्यांनी ते इतकं वापरलंय की त्याला नाव आहे, नियम आहेत, त्याचे तज्ज्ञसुद्धा आहेत. इंग्रजीत त्याला म्हणतात अ‍ॅस्ट्रोगेशन. नॅव्हिगेशनमधला 'नॅव्ह' म्हणजे लॅटिनमधलं जहाज, आपल्या 'नौ'चा सख्खा भाऊ. आपण नौकानयन म्हणतो ना, तसं हे तारानयन. काळ आणि अवकाश या दोन्हींतून जहाज हाकायचं शास्त्र.

तुम्ही म्हणाल, जे नाहीच त्यावर अर्धा तास कशाला? कारण या काल्पनिक शास्त्राने विचारलेले प्रश्न अगदी खरे आहेत. त्यातल्या काहींची उत्तरं तुमच्या खिशातला फोन आत्ता, या क्षणी देतोय. आणि एक प्रश्न असा आहे ज्याचं उत्तर आपण सगळे मिळून टाळतोय. तो शेवटी घेऊ.

उडी मारण्याआधीचं गणित

सुरुवात सगळ्यांना माहीत असलेल्या सीनपासून करू. १९७७ चा पहिला 'स्टार वॉर्स'. मागे शत्रू लागलाय, ल्यूक ओरडतोय की चल ना लवकर, आणि हान सोलो म्हणतो, थांब, कॉम्प्युटरला गणित करू दे, नाहीतर आपण सरळ एखाद्या ताऱ्याच्या पोटातून जाऊ. लहानपणी तो सीन म्हणजे नुसता टाइमपास वाटतो. पण तारानयनाचा पहिला नियम तिथेच आहे: वेग ही अडचण नाही, अडचण आहे पत्ता. इंजिन कितीही भारी असू दे, बाहेर कुठे पडायचं हे आधी माहीत पाहिजे.

त्याच सिनेमात हान सोलो फुशारकी मारतो की त्याच्या जहाजाने केसल रन बारा पार्सेकपेक्षा कमीमध्ये पूर्ण केली. आता पार्सेक हे अंतर आहे, वेळ नाही. एक पार्सेक म्हणजे सुमारे ३.२६ प्रकाशवर्षं. 'पुणे-मुंबई मी दीडशे किलोमीटरपेक्षा कमीमध्ये केलं' असं कोणी म्हटलं तर आपण हसूच. चाहते यावर चाळीस वर्षं भांडले. मग २०१८ च्या 'सोलो' सिनेमात दाखवलं की त्याने खरंच जवळची, धोक्याची वाट पकडली होती. सारवासारव असेल, पण मला ती आवडते. कारण शॉर्टकट माहीत असणं हे ड्रायव्हिंगचं नाही, वाट काढण्याचं कौशल्य आहे.

मॅक्स जोन्स आणि पाठ असलेली कोष्टकं

आता माझं या विषयातलं सगळ्यात आवडतं पुस्तक. रॉबर्ट हाइनलाइनचं 'स्टारमॅन जोन्स', १९५३ सालचं. हे साल लक्षात ठेवा, तेव्हा ट्रान्झिस्टर नुकताच जन्माला आला होता.

मॅक्स जोन्स हा शेतावरचा पोरगा. त्याचा काका अ‍ॅस्ट्रोगेटर होता. त्या जगात हा धंदा एका गिल्डच्या, म्हणजे संघाच्या ताब्यात आहे. आत शिरायचं तर आतल्या कोणीतरी नातेवाइकाने तुमचं नाव सुचवलेलं असलं पाहिजे. काका नाव न सुचवताच गेला. दार बंद. पण मॅक्सकडे एक गोष्ट आहे: काकाची पुस्तकं त्याने वाचलीत आणि त्याला एकदा वाचलेलं पान जसंच्या तसं आठवतं.

ही पुस्तकं म्हणजे आकड्यांची कोष्टकं. हाइनलाइनच्या जहाजावर कॉम्प्युटर आहे, पण त्याला फक्त बायनरी कळतं. शून्य आणि एक. मग माणसं ताऱ्यांची मोजमापं घेणार, कोष्टकात बघून आकडे बायनरीत करणार, बटणांनी मशीनमध्ये भरणार, उत्तर आलं की पुन्हा कोष्टक. आणि हे सगळं जहाज प्रकाशाच्या वेगाजवळ पळत असताना, घड्याळाशी शर्यत लावून. आम्ही सॉफ्टवेअरवाले याला लुकअप टेबल म्हणतो: दर वेळी गणित करण्यापेक्षा उत्तरं आधीच काढून ठेवायची आणि लागेल तेव्हा उचलायची. हाइनलाइन स्वतः अमेरिकन नौदलात अधिकारी होता, त्यामुळे समुद्रावर कोष्टकं उघडून जागा काढण्याचा सगळा घामाघूम प्रकार त्याच्या लिखाणात जिवंत उतरलाय.

पुढे काय होतं? जहाजावरचा सगळ्यात जाणकार अ‍ॅस्ट्रोगेटर मरतो. नंतर एका उडीच्या गणितात चूक राहते आणि जहाज भलतीकडेच जाऊन पडतं, जिथून दिसणारं आकाश कुठल्याच नकाशात नाही. आणि परतायची वेळ येते तेव्हा कोष्टकांची पुस्तकंच गायब! जहाज ठणठणीत आहे, इंजिन ठणठणीत, कॉम्प्युटर ठणठणीत. पण त्याला आकडे देणार कोण? उरतो तो पाठांतरवाला पोरगा, ज्याला गिल्डने दारात उभं केलं नव्हतं.

पुस्तक किशोरांसाठी लिहिलंय, वाचायला सोपं आहे. स्पॉयलर थोडे दिलेत, पण मजा जात नाही.

'तीच जागा' म्हणजे कोणती?

आता काळाकडे वळू. 'डॉक्टर हू' ही मालिका १९६३ च्या नोव्हेंबरमध्ये बीबीसीवर सुरू झाली. त्यातलं जहाज म्हणजे टार्डिस, बाहेरून पोलिसांचं निळं खोकं. नावाचा अर्थच काळ आणि अवकाशातली सापेक्ष मिती असा काहीसा आहे. गंमत म्हणजे सुरुवातीच्या डॉक्टरला ते नीट चालवताच येत नाही. जायचं एकीकडे, पोचतात तिसरीकडे.

आता विचार करा, हे चालवणं इतकं अवघड का? समजा तुमच्याकडे टाइम मशीन आहे आणि तुम्ही म्हणालात, 'याच जागी, एक तास मागे.' पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर वेगाने फिरते. एका तासात ती एक लाख किलोमीटरपेक्षा जास्त सरकते. म्हणजे सूर्याच्या हिशेबाने 'तीच जागा' धरली, तर तुम्ही बाहेर पडाल ते भर अंतराळात. सहा महिने मागे गेलात तर पृथ्वी सूर्याच्या पलीकडे, ३० कोटी किलोमीटरवर. आणि सूर्य स्वतः आकाशगंगेभोवती सेकंदाला दोनशेपेक्षा जास्त किलोमीटरने पळतोय.

मग 'तीच जागा' कोणाच्या हिशेबाने? स्वारगेटच्या, पृथ्वीच्या, सूर्याच्या की आकाशगंगेच्या? आइनस्टाइनचं उत्तर असं की विश्वाला स्वतःची अशी एक पक्की चौकट नाहीच. प्रत्येक पत्ता कशाच्या तरी सापेक्ष असतो. म्हणून टार्डिसच्या नावातला 'सापेक्ष' हा शब्द नुसता शोभेचा नाही. पत्ता देताना चार आकडे लागतात, तीन जागेचे, एक वेळेचा. आणि पाचवी गोष्ट, कोणाच्या हिशेबाने.

आकाश खोटं बोलतं

बरं, काळप्रवास राहू द्या बाजूला. साधं पुढे जाऊ. सगळ्यात जवळचा तारा प्रॉक्झिमा सेंटॉरी, ४.२४ प्रकाशवर्षांवर. समजा तुमचं जहाज प्रकाशाच्या ९९ टक्के वेगाने निघालं. वेग वाढवायला लागणारा वेळ सोडून देऊ. पृथ्वीवरच्या घड्याळाने तुम्ही साधारण सव्वाचार वर्षांत पोचाल. जहाजावरच्या घड्याळाने? सात महिने. दोन्ही घड्याळं बरोबर आहेत. आता जहाजाच्या वहीत तारीख कोणती लिहायची?

आणि खिडकीतून बघितलं तर आकाश ओळखीचं नसेल. पावसात बाइक चालवताना सरळ पडणारे थेंबसुद्धा समोरून तोंडावर येतात, तसं ताऱ्यांच्या प्रकाशाचं होतं. ९९ टक्के वेगाला, जो तारा खरं तर तुमच्या बरोबर डाव्या हाताला आहे, तो नाकासमोरच्या दिशेपासून फक्त ८ अंशांवर दिसेल. हात लांब करून मूठ धरली तर ती साधारण १० अंशांची असते. म्हणजे तुमच्या पुढचं अर्धं आकाश मुठीपलीकडे जाणार नाही, इतक्या छोट्या वर्तुळात गोळा! शिवाय रंग बदललेले. सिनेमात दाखवतात तशा लांब लांब पांढऱ्या रेषा नाहीत. अशा वेळी 'तो बघ मृग, तो बघ व्याध' म्हणून दिशा ओळखता येणार नाही. आधी वेग ठाऊक हवा, त्यावरून दिसणारं आकाश उलटं गणित करून सरळ करायचं, मग नकाशाशी ताडून बघायचं.

नकाशाचंही बघा. युरोपच्या गाया यानाने जवळपास १८० कोटी ताऱ्यांची नोंद केलीय. माणसाने बनवलेला आकाशगंगेचा हा सगळ्यात मोठा नकाशा. पण २०२२ साली आलेल्या त्याच्या यादीवर एक तारीख छापलीय: २०१६.०. म्हणजे तारे इथे आहेत, पण २०१६ च्या सुरुवातीला. कारण तारे हलतात. बर्नार्डचा तारा तर इतका घाईत आहे की साधारण १८० वर्षांत पूर्ण चंद्राच्या रुंदीइतका सरकतो. कोडवाल्या मित्रांनो, ओळखलंत ना? हा कॅश आहे, टाइमस्टॅम्पसकट. टाइमस्टॅम्प न बघता कॅश वापरला की काय होतं ते आपल्याला चांगलं माहितीय.

खऱ्या समुद्रावर

हे 'कुठे'च्या आत 'केव्हा' लपलेलं असणं नवीन नाही. १७०७ मध्ये ब्रिटिश नौदलाची चार जहाजं सिली बेटांच्या खडकांवर आपटली आणि हजाराहून जास्त माणसं गेली. अक्षांश ताऱ्यांवरून काढता यायचे. रेखांश काढणं मात्र फार अवघड. १७१४ मध्ये ब्रिटिश संसदेने त्यासाठी २० हजार पौंडांपर्यंतचं बक्षीस लावलं.

उत्तर निघालं घड्याळ. पृथ्वी तासाला १५ अंश फिरते. म्हणजे निघाल्या ठिकाणची वेळ दाखवणारं घड्याळ जवळ असेल आणि सूर्य डोक्यावर आला की त्यात बघितलं, तर फरकावरून रेखांश. याचा अनुभव मुंबईत रोज घेता येतो: आपलं प्रमाणवेळेचं घड्याळ ८२.५ अंशांवर लावलंय, मुंबई ७३ अंशांच्या आसपास. म्हणून मुंबईचा खरा मध्यान्ह बाराला नाही, साधारण बारा-चाळीसला होतो, वर्षभरात थोडा मागेपुढे.

अडचण अशी की चार सेकंद चुकले तर विषुववृत्तावर जवळपास दोन किलोमीटर चुकतात. आणि डुलत्या जहाजावर तेव्हाची घड्याळं दिवसाला कितीतरी चुकायची. जॉन हॅरिसन नावाच्या सुताराच्या मुलाने आयुष्य घालवून ते घड्याळ बनवलं. त्याचं चौथं घड्याळ १७६१ मध्ये जमैकाच्या सफरीवर गेलं आणि तिथे पोचेपर्यंत फक्त पाच-एक सेकंद मागे पडलं.

जीपीएस म्हणजे हेच, फक्त घड्याळं आकाशात. तिथे आइनस्टाइन पुन्हा भेटतो. उपग्रह वेगात असल्याने त्याचं घड्याळ दिवसाला ७ मायक्रोसेकंद मागे पडतं, आणि पृथ्वीचं गुरुत्व तिथे कमी असल्याने ४५ मायक्रोसेकंद पुढे जातं. वजाबाकी ३८. आता तुम्ही म्हणाल, मायक्रोसेकंदाने काय होतं! प्रकाश एका मायक्रोसेकंदात ३०० मीटर जातो. ही दुरुस्ती केली नाही तर चूक दिवसाला दहा-अकरा किलोमीटरच्या हिशेबाने वाढत जाईल. म्हणजे आज बिर्याणी दादरला मागवली तर उद्या ती ठाण्याच्या दिशेने निघेल.

आणि घड्याळच बंद पडलं तर? हे आपल्याकडे झालंय. भारताची स्वतःची नाविक प्रणाली आहे. तिच्या पहिल्या उपग्रहावरची, आयआरएनएसएस-१ए वरची, तिन्ही अणुघड्याळं बंद पडल्याचं इस्रोने २०१७ च्या सुरुवातीला सांगितलं. ती घड्याळं परदेशातून आणलेली होती. उपग्रह जागेवर, वीज आहे, संदेश पाठवतोय, पण जागा सांगायच्या कामाला निरुपयोगी. बरोबर मॅक्स जोन्सचं जहाज! पुढे मे २०२३ मध्ये एनव्हीएस-०१ गेला, त्यावर भारतात बनवलेलं रुबिडियम अणुघड्याळ आहे. बातम्यांत ही ओळ शेवटी आली होती. माझ्या मते ती पहिली पाहिजे होती.

ताऱ्यांचीच घड्याळं

दूर अंतराळात तर जीपीएस नाहीच. आजची यानं अजून 'घरी फोन करून' वाट विचारतात. व्हॉयेजर-१ इतकं लांब गेलंय की त्याला हाक मारली तर ती पोचायलाच २३ तासांपेक्षा जास्त लागतात, आणि उत्तर यायला पुन्हा तेवढेच.

मग यानाने स्वतःच वाट काढायची तर? इथे कल्पना खरी व्हायला लागते. पल्सार हे मेलेल्या ताऱ्यांचे गाभे, काही तर सेकंदाला शेकडो वेळा गिरक्या घेतात आणि दर गिरकीला एक ठोका, अत्यंत नियमित. आकाशात टांगलेली घड्याळं. २०१७ मध्ये नासाने आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानकावर सेक्स्टंट नावाचा प्रयोग केला: मोजक्या पल्सारांचे क्ष-किरण ऐकून, जीपीएस न वापरता, स्थानकाची जागा १६ किलोमीटरच्या आत काढली. २०२० मध्ये न्यू होरायझन्स यानाने प्रॉक्झिमा आणि वुल्फ ३५९ या ताऱ्यांचे फोटो काढले. ७०० कोटी किलोमीटरवरून ते तारे नकाशापेक्षा सरकलेले दिसले, आणि त्या सरकण्यावरूनच यानाची जागा काढून दाखवता आली.

आणि हे सगळं अमेरिकेतच चालतं असं नाही. पुणे-नाशिक रस्त्याला नारायणगावजवळ खोडदला जीएमआरटी आहे, ३० मोठ्या डिश. तिथे वर्षानुवर्षं पल्सारांचे ठोके मोजतात. २०२३ मध्ये गुरुत्वलहरींच्या मंद गुणगुणीचा पुरावा जगभरच्या गटांनी जाहीर केला, त्यात खोडदच्या मोजणीचाही वाटा होता. नारायणगावला मिसळ खायला थांबता ना, तेव्हा डावी-उजवीकडे कुठेतरी ही घड्याळं ऐकायचं काम चालू असतं.

वाट कोणाच्या हातात?

आता तो टाळलेला प्रश्न. फ्रँक हर्बर्टचं 'ड्यून', १९६५. त्या जगात विचार करणाऱ्या यंत्रांवर बंदी आहे. मग ताऱ्यांमधून जहाज नेणार कोण? स्पेसिंग गिल्डचे नॅव्हिगेटर. ते मसाला नावाचा पदार्थ घेऊन पुढची सुरक्षित वाट आधीच बघतात. हे दुसऱ्या कोणालाच येत नाही, म्हणून सम्राटसुद्धा त्यांना दचकून असतो. सैन्य कोणाचंही असो, ते पोचवायचं की नाही हे गिल्ड ठरवणार. पण गिल्डचीही एक मान अडकलीय: मसाला एकाच ग्रहावर मिळतो. ज्याने तो नष्ट करायची धमकी दिली, त्याच्यापुढे सगळं साम्राज्य गुडघ्यावर.

हाइनलाइनचं गिल्ड आणि हर्बर्टचं गिल्ड, दोघंही एकच सांगतात. वाट काढायची विद्या थोड्या लोकांकडे गेली की सत्ता तिकडे जाते. आणि ती एकाच गोष्टीवर टांगली की सगळंच टांगणीला लागतं.

आता आपल्याकडे बघा. २०२४ च्या एप्रिलमध्ये फिनएअरने एस्टोनियातल्या टार्टू शहराची विमानं महिनाभर बंद ठेवली. विमान ठीक, पायलट ठीक, हवा ठीक. त्या भागात जीपीएसमध्ये अडथळे येत होते आणि त्या विमानतळावर उतरायची पद्धत जीपीएसवर अवलंबून होती. पर्यायी पद्धत उभी करेपर्यंत थांबावं लागलं. उलट अमेरिकन नौदलाच्या अकादमीने ताऱ्यांवरून जागा काढायचं शिक्षण नव्वदच्या दशकाच्या शेवटी बंद केलं होतं, ते २०१५ मध्ये पुन्हा सुरू केलं. जगात सगळ्यात जास्त उपग्रह असलेल्या देशाने आपल्या पोरांच्या हातात परत सेक्स्टंट दिला.

मी मॅप वापरू नका असं सांगत नाहीये. मी रोज वापरतो, आणि मी बनवतो ते सॉफ्टवेअरही त्यावर चालतं. सांगायचं इतकंच की मशीन आपल्यासाठी गणित करतं हे छान आहे, पण ते गणित कोणालाच येत नसेल तर आपण प्रवासी नाही, पार्सल आहोत. कोकणातला जुना तांडेल ताऱ्यांवरून किनारा ओळखायचा, कारण त्याला पर्याय नव्हता. आपल्याला पर्याय आहे. म्हणून तर आपल्याला थोडं मुद्दाम शिकावं लागेल.

तर या आठवड्याचा होमवर्क. उत्तरेचं क्षितिज मोकळं दिसेल अशी गच्ची शोधा. सप्तर्षी किंवा शर्मिष्ठा यांच्या मदतीने ध्रुवतारा शोधा. हात पूर्ण लांब करा आणि क्षितिजापासून ध्रुवापर्यंत किती मुठी बसतात मोजा. एक मूठ १० अंश. जेवढे अंश, तेवढा तुमचा अक्षांश. पुण्यात १८.५, मुंबईत १९, नागपुरात २१. म्हणजे महाराष्ट्रात कुठेही असलात तरी उत्तर दोन मुठींच्या आसपास यायला हवं. सिग्नल नाही, बॅटरी नाही, सबस्क्रिप्शन नाही.

मग खाली उत्तर लिहा, शहराच्या नावासकट. दुबई, लंडन, न्यू जर्सीवाल्यांनी तर नक्की लिहा, तुमच्या मुठी जास्त भरतील.

पुढच्या एपिसोडमध्ये भेटू. तोपर्यंत, काळजी घ्या आणि अधूनमधून वर बघा.